वाजवलेलं बोलायचं नाही

मी सॅक्सोफोन बोलतोय. लोहाऱ्यात मला या नावाने फारसं कुणी ओळखत नाही. इथे मी 'वाकडी पिपाणी'. लग्नघरच्या बायका मला पितळेचा हुक्का म्हणतात, आणि एका आजोबांनी तर मला उलटंपालटं करून "ह्यात पाणी कुटून भरायचं?" असं विचारलं होतं. त्याचा मला राग नाही. माझी तक्रार दोन भल्या माणसांबद्दल आहे. आयुष्यात वाईट माणसांनी मला कधी फार त्रास दिला नाही. या दोन भल्यांनी मात्र असा वैताग आणला, की मला हात असते तर मी कधीच टेकले असते.

माझा जन्म मेरठचा. तिथल्या एका अरुंद गल्लीत पत्रा वाकवून, ठोकून, डाग देऊन मला घडवलं. घडवणारा कारागीर त्या दिवशी घाईत असावा, कारण माझी एक चावी पहिल्यापासून नीट बसत नाही. तिला आजही सायकलच्या ट्यूबची पट्टी बांधलेली आहे. गवतात गुंडाळून, लाकडी खोक्यात घालून मला रेल्वेने सोलापूरला आणलं, आणि तिथून एसटीच्या टपावर बसून मी लोहाऱ्याला आलो. टपावर माझ्या शेजारी कोंबड्यांची पाटी होती. त्यांनीही मला नावं ठेवलीच असणार.

मला मागवलं होतं शब्बीरच्या वडिलांनी. त्यांचा लग्नाचा बँड होता, लाल कोट आणि सोनेरी झालरवाला. मोठा शिस्तीचा माणूस. त्यांचा एक नियम होता आणि तो मोडलेला त्यांना खपत नसे. वाजवून झालं की सगळ्यांनी गुमान चहा प्यायचा. कोण चुकलं, कोण छान वाजवलं, यावर अवाक्षर काढायचं नाही. "वाजवलेलं बोलायचं न्हाय. बोललं की सूर नासतो," असं ते म्हणायचे. बँडमधली भांडणं टाळायला हा नियम चांगला होता, हे मी मान्य करतो. पण बाप गेला, बँड मोडला, ट्रॅक्टरवर भिंतीएवढे स्पीकर आले, लाल कोटांची पायपुसणी झाली, आणि हा नियम तेवढा शिल्लक राहिला. माणसं वाडवडिलांचं नेमकं काय जपून ठेवतील याचा काही भरवसा नाही.

शब्बीर शिलाईकाम शिकला होता. बसस्टँडच्या मागे भीमाशंकर यांचं कापडाचं दुकान आहे. त्यांना सगळं गाव अप्पा म्हणतं, म्हणून मीही म्हणतो. अप्पांनी दुकानाच्या ओट्यावर शब्बीरला मशीन टाकायला जागा दिली. आत अप्पा कापड फाडून देणार, बाहेर शब्बीर ते शिवणार. गिऱ्हाईक एकाच पायरीवर दोघांचं. मला शब्बीरने ओट्यावरच्या खुंटीला टांगलं, मोजपट्टीच्या शेजारी.

दुपारी दोन ते चार गावात कुत्रंसुद्धा हलत नाही. अशाच एका दुपारी शब्बीरने मला काढलं आणि एक जुनी लग्नातली धून धरली. अप्पा मठात भजनाला पेटी वाजवायचे. त्यांनी आतून पेटी ओढली आणि साथ धरली. शब्बीर धून सोडून जरा बाजूला गेला, तर पेटी मागे आली. पेटी भलतीकडेच वळली, तर शब्बीर मला घेऊन तिच्या मागे गेला. दोघे असे अर्धा तास हिंडले आणि शेवटी त्याच धुनेवर येऊन थांबले. मग दोघांनी गुमान चहा घेतला. कुणी काही बोललं नाही.

हे असं वीस वर्षं चाललं. त्यांची एक पद्धतच पडली. ज्याचं वाजवून झालं त्याने शेवटी तीन सूर ठेवायचे, आणि दुसऱ्याने त्याच तीन सुरांपासून निघून पाहिजे तिकडे जायचं. कुणी ठरवलं नव्हतं, आपोआप झालं होतं. पुढे सिदू आला. सिदूची वडापची जीप, लोहारा ते जळकोट. सीट भरेपर्यंत तो समोरच्या कडुलिंबाखाली उभा असायचा. एके दिवशी त्याने सीटखालून हलगी काढली आणि ओट्याच्या पायरीवर बसला. त्या दिवशी पॅसेंजर जीपमध्ये बसून राहिले आणि जीप पाऊण तास हललीच नाही.

अप्पांची मुलगी शिवप्रिया पुण्याला शिकत होती. सुट्टीत आली, तिने हे ऐकलं आणि म्हणाली, "अप्पा, ह्याला जगात जॅझ म्हणत्यात." तिने फोनवर कुठल्यातरी परदेशी मंडळींचं वाजवणं लावलं. तिघे फोनभोवती कान लावून बसले. मी खुंटीवरून ऐकत होतो, आणि खरं सांगतो, माझा पितळी ऊर भरून आला. तिथे माझाच कुणी भाऊबंद बोलत होता. ऐकून झाल्यावर शब्बीर म्हणाला, "ही माणसं बी घर सोडून हिंडत्यात, पण येळंला परत येत्यात." सिदूने दुसऱ्या दिवशी पेंटरकडून कापडी बोर्ड रंगवून आणला. लोहारा जॅझ मंडळ, प्रोप्रायटर कुणीच नाही.

मग आम्ही बाहेर निघालो. बारशी, वास्तुशांती, शिक्षकांचे निवृत्ती समारंभ. बेंबळीला एका विहिरीच्या पूजेलासुद्धा वाजवलं. लोकांना आमचं वाजवणं आवडायचं, पण कळायचं नाही, आणि न कळलेलं माणसाला फार वेळ आवडत नाही. दहा मिनिटांत कुणीतरी उठून यायचंच. "मामा, वळकीचं काय तरी वाजवा की." शब्बीर ओळखीचं धरायचा आणि दोन ओळींत ते अनोळखी करून टाकायचा. दसऱ्याला अप्पा मला विभूतीचे पट्टे ओढायचे आणि झेंडूचा हार घालायचे, तो विभूतीचा भुगा चाव्यांत जायचा. गुरुवारी घरी शब्बीरची बायको खातूनबी मला लोबानचा धूर द्यायची, तो नळीत बसायचा. दोघांच्या भक्तीने माझा खोकला कायमचा झाला. पण ते दिवस चांगले होते.

आता तक्रार सांगतो.

अडीच वर्षांपूर्वी श्रावणात शब्बीरचे वरचे पुढचे दोन दात गेले. माझ्यासारख्या वाद्याला वाजवणाऱ्याचे दात म्हणजे घराला उंबरा. त्यांच्या टेक्यावरच सगळं चालतं. दोन महिने मी खुंटीवर होतो. नवे दात बसले आणि पहिल्याच दुपारी वरच्या सुराला मी असा किंचाळलो, की समोरच्या लिंबावरचे कावळे उडाले. शब्बीर खाली मान घालून बसला. अप्पांनी काय करावं? काही न बोलता लय उतरवली. वरच्या सप्तकाकडे जायचंच बंद केलं. मित्राला सांभाळून घेतलं. मी मनात म्हटलं, वा, याला म्हणतात सोबत.

पण पंधरा-वीस दिवसांत शब्बीरचा जम बसला. रोज पहाटे तो मला घरामागे नेऊन सूर घासत होता. वरचा सूर पहिल्यापेक्षा गोल लागायला लागला. आता अप्पांनी लय वाढवायची की नाही? नाही वाढवली. त्यांना वाटलं, शब्बीरभाई उसनं अवसान आणतायत. आणि विचारायची सोय नव्हती, कारण वाजवलेलं बोलायचं नाही.

दिवाळीच्या गर्दीत अप्पांचं मधलं बोट दुकानाच्या शटरमध्ये सापडलं. आठ दिवस सुजलं, नवव्या दिवशी बरं झालं. पण त्या आठ दिवसांत सकाळी बोटांना तेल चोळायची अप्पांना सवय लागली, आणि सवय काही सूज उतरली म्हणून जात नाही. अप्पा रोज गल्ल्यावर बसून बोटं चोळायचे आणि शब्बीर ओट्यावरून बघायचा. इकडे पेटी तर सावकाश चाललेलीच होती. त्याने दोन आणि दोन पाच केले. एका दुपारी जीपमध्ये मला मांडीवर घेऊन तो सिदूला म्हणाला, "सिदू, अप्पांची बोटं गेली रे. लई वाईट वाटतंय. म्या आता लांब ताना न्हाई घेणार, त्यांना पुरवता येणार न्हाईत. पण तुला अल्लाकसम, हे बोलायचं न्हाय त्यांना."

सिदूने शपथ घेतली. भला माणूस, नाही म्हणता येत नाही.

दुसऱ्या दिवसापासून शब्बीरने ताना आखडल्या. अप्पांनी ते ऐकलं. पाच-सहा दिवसांनी शब्बीर नमाजाला गेला असताना त्यांनी सिदूला आत बोलावलं. मी खुंटीवरच होतो, मला काय कान मिटता येतात? "सिदू, शब्बीरभाईंचा दम संपला," अप्पा म्हणाले. त्यांचे डोळे भरले होते. "दातांचं निमित्त झालं बघ. आता आपुन आजून हळू घ्यायचं. पण बसवण्णाची आण हाय तुला, त्यांना कळू द्यायचं न्हाय."

सिदूने तीही शपथ घेतली. इकडे आड, तिकडे विहीर, आणि मधल्या पायरीवर हलगी घेऊन सिदू.

त्यानंतरचं दीड वर्ष मी कसं काढलं ते माझं मला माहीत. अप्पा हळू, म्हणून शब्बीर थोडकं. शब्बीर थोडकं, म्हणून अप्पा आणखी हळू. दोघेही एकमेकांवर जीव टाकून आमचं वाजवणं मारत होते. जो माणूस माझ्यातून तीन सप्तकं पालथी घालायचा तो आता चार सुरांत येरझाऱ्या घालत होता. माझ्या अंगात सगळं होतं, त्याच्या छातीत सगळं होतं, आणि तोंड दाबून बुक्क्यांचा मार चालला होता. मला कितीदा वाटलं मुद्दाम किंचाळावं. पण शब्बीर आता इतका सुरेख फुंकत होता, की मला किंचाळायलासुद्धा जागा मिळेना!

जळकोटला एका साखरपुड्यात आम्ही वाजवत असताना एका माणसाने येऊन अप्पांच्या खांद्यावर हात ठेवला आणि हळूच विचारलं, "कोन गेलं?" सिदूने हलगी खाली ठेवली आणि जीपमागे जाऊन उभा राहिला. परत आला तेव्हा त्याचे डोळे लाल होते. हसून की रडून, ते मला कळलं नाही.

भीड ही भिकेची बहीण, असं म्हणतात. आमच्या ओट्यावर ती राहायलाच आली होती.

मग शिवप्रियाचं लग्न ठरलं. मुलगा धाराशिवचा, लग्न वैशाखातलं, तिथल्याच मंगल कार्यालयात. तिने अप्पांना फोनवर एकच गोष्ट सांगितली. डीजे नको. जेवणं झाली की तासभर तुम्ही तिघांनी वाजवायचं, मला तेच पाहिजे. अप्पांनी स्पीकर लावला होता, त्यामुळे शब्बीरनेही ऐकलं. त्याचा हात मशीनच्या चाकावर तसाच राहिला. मी खुंटीवर ताठ झालो.

दोघांनी चार दिवस त्यावर चकार शब्द काढला नाही. पाचव्या दिवशी अप्पा ओट्यावर आले आणि कापडाच्या ताग्याकडे बघत म्हणाले, "शब्बीरभाई, पाव्हणे डीजे म्हनायलेत. म्या व्हय म्हनून बसलो."

पाहुण्यांनी डीजेचं नावही काढलं नव्हतं. अप्पांना भरल्या मांडवात शब्बीरची फजिती नको होती.

शब्बीरला वाटलं, अप्पांना स्वतःच्या बोटांची लाज वाटते. लेकीच्या लग्नात ती उघडी पडायला नकोत. तो हसून म्हणाला, "बरं झालं अप्पा. मला बी त्या दिवशी एक अर्जंट शेरवानी हाय."

लग्नाच्या दिवशी कसली आली शेरवानी? दोघे एकमेकांशी साफ खोटं बोलले, दोघांचा जीव तुटत होता, आणि दोघांनी मिळून चहा मागवला. मला त्या कपबशा फोडाव्याशा वाटल्या.

त्या संध्याकाळी शब्बीरने मला खुंटीवरून काढून घरी नेलं आणि कपाटावर ठेवलं. दुपारी वाजवणं बंद झालं. अप्पा दुपारी शटर अर्धं ओढून झोपायला लागले. शब्बीर मशीन चालवत राहायचा. कपाटावर माझ्याबरोबर एक फुटका पंखा आणि रजया होत्या. तीन महिने झाल्यावर एक दिवस खातूनबी खालून म्हणाली, "कित्ते दिन हुए, उप्पर पड्या है वो. बजाते तो बजाव, नई तो दे डालो किसकू तो." शब्बीर म्हणाला, "आता कुणासाठी वाजवू?" वीस वर्षांत त्याच्या तोंडून मी ऐकलेलं हे सगळ्यात खरं वाक्य होतं. ते अप्पांना सांगायचं सोडून त्याने कपाटाला सांगितलं.

आणि मग योगीराज नावाचा माणूस उगवला. त्याचं जळकोटला हायवेवर हॉटेल. त्याला दर्शनी भिंतीवर लावायला काहीतरी शोभेचं हवं होतं. जीपमध्ये त्याने सिदूजवळ चौकशी केली, आणि सिदूनेच त्याला शब्बीरचं नाव सांगितलं. हे कळल्यावर सिदूबद्दल माझ्या मनात जे आलं ते मी इथे सांगत नाही.

ठरलेल्या दिवशी शब्बीर मला पोत्यात घालून ओट्यावर घेऊन आला. दुपारचे अडीच झाले होते. अप्पा एकच्या सुमारास सिदूच्या जीपने सोलापूरला गेले होते, सिद्धेश्वरापुढे लेकीची पहिली पत्रिका ठेवायला. शब्बीरने मुद्दाम हाच दिवस निवडला होता. अप्पांच्या डोळ्यांदेखत मला देणं त्याला जमलं नसतं.

योगीराजने मला पोत्यातून काढलं, माझ्या तोंडात हात घालून बघितला. "ह्यात बल्ब बसतोय की झकास," तो म्हणाला. "खालून वायर काढायची. वाजतंय का बंद हाय? बंद असलं तर बी चालतंय."

माझ्या पोटात बल्ब! जेवणाऱ्या लोकांच्या डोक्यावर, खमंग फोडणीत, पोटात पिवळा दिवा घेऊन मी लटकणार. पण त्या माणसाचं शेवटचं वाक्य मला तारून गेलं. शब्बीरची मान वर झाली. "बंद म्हंजी?" तो म्हणाला. "बसा थोडं. ऐका वाजतंय का ते."

त्याने माझी रीड, म्हणजे तोंडाशी असते ती बोरूची पातळ कामटी, जिभेवर ओली केली. ट्यूबची पट्टी घट्ट केली. अप्पा सोलापूरला. कुणाला सांभाळायचं नव्हतं, कुणासाठी हळू चालायचं नव्हतं. त्याने ती पहिल्या दुपारची लग्नातली धून धरली, आणि दुसऱ्याच ओळीला घर सोडलं. दीड वर्ष त्याने जे जे गिळलं होतं ते सगळं माझ्यातून बाहेर आलं. मी वर गेलो, आणखी वर गेलो, जिथे जायचं मी विसरलो होतो तिथे गेलो. विभूती आणि लोबान दोन्ही उडून गेलं असेल. लिंबाखालचे पॅसेंजर उठून उभे राहिले. मला काय झालं ते मी सरळ सांगतो, मला रडू आलं. माझ्या तोंडातून जे थेंब पडतात ती वाफ असते असं म्हणतात. म्हणू देत.

मग शब्बीर खाली उतरला आणि जुन्या सवयीने शेवटी तीन सूर ठेवून थांबला. घ्यायला कुणी नव्हतं. तरी तो थांबला. योगीराज काहीतरी बोलणार होता, तेवढ्यात दुकानाच्या मागच्या खोलीतून पेटी वाजली. तेच तीन सूर. आणि मग ती पेटी अशी सुटली, की मी थक्क झालो. दीड वर्षात ही बोटं अशी पळालेली मी ऐकली नव्हती. पायऱ्या चढली, गल्ल्या वळली, एका ठिकाणी तर चक्क माझी नक्कल केली, आणि शेवटी तीन सूर ठेवून गप्प झाली.

झालं होतं असं, की जळकोटपर्यंत गेल्यावर पत्रिकांचं बंडल जीपमध्ये नाही हे अप्पांच्या लक्षात आलं. जीप मागे फिरली, मागच्या बोळात उभी राहिली, आणि अप्पा मागच्या दाराने बंडल घ्यायला आत आले होते. बंडल पेटीवरच ठेवलेलं होतं.

अप्पा शटरखालून वाकून बाहेर आले. शब्बीर उठून उभा राहिला. मला वाटलं आता गळाभेट होणार.

"शब्बीरभाई," अप्पा म्हणाले, "हा दम कुटं ठिवला होता?"

"तुमची बोटं कुटं ठिवली होती?"

"माझ्या बोटांना काय धाड भरलीय?"

"रोज तेल चोळायलाव ते?"

"ती सवय हाय माझी! तुमचा दम संपला म्हनून म्या दीड वरीस मुंगीच्या चालीनं वाजवायलोय!"

"माझा दम? कुणी सांगितलं? तुमची बोटं गेली म्हनून म्या चार सुरांत मरायलोय!"

"म्हंजी तुम्ही मला लुळा समजत होता?"

"आन तुम्ही मला मुडदा!"

अप्पांनी मीटरची पट्टी उचलून ओट्यावर आपटली. शब्बीरने टोपी काढून मशीनवर टाकली. वीस वर्षांत न बोललेलं सगळं त्या दुपारी निघालं. तुम्ही अमक्या बारशात घाई केली होती. तुम्ही तमक्या वास्तुशांतीला माझी तान मधेच कापली होती. बेंबळीच्या विहिरीवर कोण बेसूर होतं, यावर तर हमरीतुमरी झाली. पॅसेंजर पुढे सरकून ऐकत होते. आणि मी? माझ्या आयुष्यात मी याहून गोड काही ऐकलेलं नाही.

शेवटी अप्पा पायरीवर बसले. त्यांचा श्वास लागला होता. "पाव्हणे डीजे म्हनत नव्हते," ते खालच्या आवाजात म्हणाले. "तुमची फजिती व्हईल म्हनून म्याच..."

"शेरवानी बी नव्हती," शब्बीर म्हणाला आणि त्यांच्या शेजारी बसला.

दोघांनी एकदमच सिदूकडे बघितलं. तेवढ्यात त्याने जीप बोळातून पुढे आणली होती आणि लिंबाखाली तिच्या बॉनेटवर बसून तो शेंगा खात होता. "सिद्या, तुला सगळं ठावं होतं!" अप्पा ओरडले.

"व्हय," सिदू म्हणाला. "पन म्या काय बोललो का? दोन्ही शपथा शाबूत हायत माझ्या." पत्रिकांचं बंडल निघताना जीपमधून परत पेटीवर कसं गेलं, ते त्याला कुणी विचारलं नाही. मी मात्र त्याच्याबद्दल मनात आलेले सगळे शब्द मागे घेतले.

योगीराज बिचारा तसाच उभा होता. सिदूने जीपचा जुना पितळी भोंगा काढून त्याच्या हातात ठेवला. तो आता जळकोटच्या हॉटेलात पोटात बल्ब घेऊन लटकतो. आम्ही जीपने तिथून जातो तेव्हा मी दुसरीकडे बघतो.

लग्नात आम्ही वाजवलं. नवरीचा बाप फेटा बांधून पेटीवर बसलेला पाहून पाहुणे जरा चपापले. अर्धी मंडळी पानाच्या टेबलाशी होती. दहा मिनिटांत एक मामा उठून ओळखीचं वाजवा म्हणाले, तेही रीतसर झालं. मग शब्बीर मला घेऊन वर गेला, आणि अगदी माथ्यावर, भरल्या मांडवात, त्याचा सूर घसरला. मी किंचाळलो. एका लहान बाळाने भोकाड पसरलं.

अप्पांनी पेटीवरचा हात उचलला आणि सगळ्या व्याह्यांसमोर खणखणीत आवाजात म्हणाले, "चुकलं!"

शब्बीरने मला तोंडातून काढलं. दीड वर्ष ज्याला सांभाळून घेतलं, पांघरूण घातलं, तो माणूस आता भर मांडवात उघडा पडला होता. त्याच्या चेहऱ्यावर जे हसू आलं, तसं नवरदेवाच्याही चेहऱ्यावर नव्हतं.

"व्हय, चुकलं," तो म्हणाला. "फिरून घ्या." आणि अप्पांनी लय वाढवून दिली. स्टेजवर शालूतली शिवप्रिया हसत होती आणि तिच्या डोळ्यांतलं काजळ गालावर आलं होतं.

आता मी पुन्हा ओट्यावरच्या खुंटीला आहे, मोजपट्टीच्या शेजारी. चावीला नवीन ट्यूबची पट्टी आहे. खोकला तसाच आहे. शब्बीरला आता तिसराही दात त्रास देतो, आणि अप्पांची बोटं यंदाच्या थंडीत खरोखरच थोडी आखडली होती. दोघेही ते एकमेकांना तोंडावर सांगतात, आणि मग भांडून, ठरवून त्यातून वाट काढतात.

तुमच्याही घरात कुणीतरी कुणासाठी तरी हळू चालत असेल. मी पत्र्याचा तुकडा, मला फार कळत नाही. पण एकदा विचारून तर बघा. समोरचा कदाचित तुमच्यासाठीच रेंगाळला असेल.

बास झालं. अडीच वाजले. सिदूने जीप लिंबाखाली लावली आहे, शब्बीर रीड ओली करतोय, आणि आतून अप्पांचा आवाज आलाय, "शब्बीरभाई, कालचा तुमचा शेवटचा सूर कच्चा होता." शब्बीर म्हणतोय, "आन तुमी ते आज सांगायलाव?"

त्याने मला खुंटीवरून काढलंय. आता मला बोलायला तोंड मोकळं नाही.